अळणीत शिजवलेले चिकन खिम्याचे गोळे: आखाडातला भरपेट स्टू

शाळूभाकरी (राजारामपुरी, कोल्हापूर)

आखाड लागला की कोल्हापुरात मटणाच्या दुकानांपुढं रांगा लागतात. श्रावणाच्या आत जेवढं खाऊन घेता येईल तेवढं घ्यायचं, हा आपला जुना रिवाज. पण आमच्यात ताटावर बसणारे सगळे एका जातीचे खाणारे नाहीत. सासूबाईंना कवळी आहे, मटणाची फोड चावत नाही. धाकट्याला तिखट सोसत नाही. बाकीच्यांना तांबडा दिसल्याशिवाय जेवल्याचं समाधान नाही. एका पातेल्यातून या सगळ्यांचं पोट भरायचं, यातून आमच्याकडे हा पदार्थ रुळला: गावठी कोंबडीच्या अळणीत (तिखट न घालता काढलेल्या पातळ रश्श्याला आमच्यात अळणी म्हणतात, मीठ असतं त्यात) शिजवलेले चिकन खिम्याचे गोळे, त्यात बटाटा, गाजर, मटार, आणि शेवटी पांढऱ्या रश्श्याचं वाटण. सोबत शाळूची भाकरी. वाटीभर घेतलं तरी दुसऱ्या पदार्थाची गरज लागत नाही.

पाकृ देतेच, पण आधी माझं म्हणणं सांगते, कारण सगळा पदार्थ त्यावर उभा आहे. गोळे तळू नका, भाजू नका, अळणीतच शिजवा. तळलेल्या गोळ्यावर साल धरते, त्याचा अर्धा रस तेलात जातो आणि रश्श्याला काही मिळत नाही. अळणीत सोडलेला गोळा जे सोडतो ते पातेल्यातच राहतं. आणि अळणी हाडांचीच हवी. बोनलेस तुकडे उकळून त्यात भाज्या टाकल्या की ते चिकन घातलेलं पाणी होतं, त्याला अंग येत नाही.

अळणी आदल्या दिवशी केली तर उत्तम. किलोभराची गावठी कोंबडी तुकडे करून आणा. मान, पाठ, पंख सगळं ठेवायला सांगा, पाय मिळाले तर तेही घ्या. कातडी, शिरा आणि सांधे यांच्यातलं कोलॅजन मंद आचेवर हळूहळू विरघळतं, त्याचं जिलेटिन होतं आणि रस्सा ओठाला लागतो तो त्यामुळं. मोठ्या पातेल्यात दोन चमचे तेल, दोन तमालपत्रं, चार लवंगा, बोटभर दालचिनी, आठ-दहा मिरे. त्यावर उभा चिरलेला मोठा कांदा. कांदा मऊ झाला की दोन मोठे चमचे आलं-लसणाचं वाटण, अर्धा चमचा हळद, कोंबडी आणि मीठ. झाकणावर पाणी ठेवून दहा मिनिटं वाफ काढा. तेच झाकणावरचं गरम पाणी धरून एकूण दोन लिटर गरम पाणी ओता आणि मंद आचेवर दीड-दोन तास ठेवा. उकळ्या फुटू द्यायच्या नाहीत, नुसता कडेनं बुडबुडा आला पाहिजे. घाई असेल तर कुकरला चार शिट्ट्या आणि पुढं वीस मिनिटं बारीक गॅस. मग गाळून घ्या, हाडांवरचं मांस सोडवून बाजूला ठेवा. फ्रिजमध्ये रात्रभर ठेवलेली अळणी सकाळी थरथरती निघाली तर काम झालं. वर जमलेली पिवळी चरबी टाकू नका, ती तर्रीला लागते.

आता खिमा. अर्धा किलो, मांडीच्या मांसाचा. छातीचा खिमा स्वस्त आणि पांढराशुभ्र दिसतो पण त्यात चरबी नसते, गोळा भुसभुशीत होतो. चिकन सेंटरवर बॉयलरच्या मांड्या हाड काढून घ्या आणि थोडी कातडी त्यातच ठेवून खिमा करायला सांगा. मशीनमध्ये आधी कुणाचं काय फिरलंय ते माहीत नसतं, म्हणून जमलं तर घरी सुरीनं किंवा मिक्सरला थांबत थांबत करावा. दोन ब्रेड स्लाइस, मिसळीबरोबर आपण खातो तोच जाड ब्रेड, कडा काढून पाव वाटी दुधात भिजवा. खिम्यात सव्वा चमचा (चहाचा) मीठ घालून, इतर काहीही घालायच्या आधी, हातानं तीन-चार मिनिटं एकाच दिशेनं मळा. मीठ मांसातलं प्रथिन सोडवतं आणि खिमा चिकट होऊन हाताला धरू लागतो. ही पायरी केली तर अंडं लागत नाही. मग भिजवलेला ब्रेड, बारीक चिरून पिळलेला अर्धा कांदा, कोथिंबीर, दोन हिरव्या मिरच्या (पोरांसाठी वगळा), मिरपूड, चिमूटभर जायफळ. झाकून अर्धा तास फ्रिजमध्ये. गार खिम्याचे गोळे चांगले वळतात, कोमट खिम्यातली चरबी सुटते. ओल्या हातानं मोठ्या सुपारीपेक्षा थोडे मोठे गोळे वळा, पंचवीसेक होतात.

मिठासाठी कच्चा खिमा चाखायचा नाही. एक बारीक गोळा अळणीत शिजवून तो चाखा.

शेवटची जुळणी अशी. अळणी उकळा, त्यात बटाट्याच्या मोठ्या फोडी आणि गाजर घाला, दहा मिनिटं. मग गॅस बारीक, बुडबुडे थांबले की एकेक गोळा सोडा. पहिली चार मिनिटं पळी घालायची नाही, पातेलं कडेनं धरून हलवा. आठ-दहा मिनिटांत गोळे शिजतात. मग मटार आणि सोडवलेलं मांस. पंधरा काजू, मोठा चमचा खसखस आणि तेवढेच पांढरे तीळ अर्धा तास भिजवून गंधासारखं बारीक वाटलेलं वाटण आता घाला, पाच मिनिटं शिजवा. सगळ्यात शेवटी एक वाटी दाट नारळाचं दूध, आणि त्यानंतर उकळी नाही.

तर्री वेगळी. छोट्या कढईत ती पिवळी चरबी आणि तेल, ठेचलेला लसूण लाल करा, गॅस बंद करून कांदा-लसूण चटणी दोन चमचे, लगेच पळीभर अळणी. ही वाटी मध्ये ठेवा. ज्याला पाहिजे त्यानं पाहिजे तेवढी घ्यावी.

प्रश्न असतील तर विचारा. आणि तुमच्यात गोळे कसे करतात तेही लिहा.

पन्हाळवारा

ताई, पाकृ सुंदर आहे, पण गोळे तळू नका या वाक्याला माझा विरोध. आमच्यात खिम्याचे गोळे तेलात सोनेरी करूनच तांबड्यात सोडतात. मांस भाजलं की जो खरपूस वास येतो तो नुसत्या उकडण्यानं कधीच येत नाही. कांदा-खोबरं आपण का भाजतो? त्याच वासासाठी. मग गोळ्यांनीच काय केलंय? आणि तळलेला गोळा फुटत नाही, हा वरचा फायदा. तांबड्यात दोन तास राहिला तरी अखंड.

शाळूभाकरी

पन्हाळवारा, तांबड्यासाठी तुमचं म्हणणं मान्य आहे. भाजलेला कांदा, भाजलेलं खोबरं, चटणी, सगळंच खरपूस असतं, त्यात तळलेला गोळा शोभतो. पण इथं रस्सा पांढरा आहे. काजू, खसखस आणि नारळाच्या दुधाची चव नाजूक असते, तिच्यात तळणीचा वास वर येतो आणि बाकीचं खाली जातं. दुसरं म्हणजे तळताना बाहेरचा भाग कडक होतो. कवळीनं खाणाऱ्या माणसासाठी मी हे करते, मला गोळा जिभेनं दाबला तरी फुटेल असा हवा असतो. खरपूसपणा मी तर्रीतून आणते. तो वास वाटीत येतो, पण ज्याच्या वाटीत हवा त्याच्याच.

अजून_एक_वाटी

वाचनखूण साठवली. एक विचारते, गोळे पाण्यात सोडले की कडेनं सुटायला लागतात, पाणी गढूळ होतं. खिमा बाजारातूनच आणलेला असतो. अंडं वाढवू का?

शाळूभाकरी

अंडं वाढवलं तर गोळा रबरासारखा होईल. बहुतेक वेळा कारण दोनपैकी एक असतं: खिमा मीठ घालून पुरेसा मळलेला नसतो, किंवा पाणी खळखळ उकळत असतं. हातात घेतलेला खिमा तळहात उलटा केला तरी चिकटून राहिला पाहिजे. बाजारचा खिमा धुतलेला असेल तर त्यात पाणी राहतं, तो चाळणीत निथळवून कपड्यात दाबून घ्या. कांदा पिळायला विसरू नका, कांद्याचं पाणी गोळा सोडवतं.

निवृत्त_सुभेदार

नमस्कार. मी कागल तालुक्यातला, पण नोकरीची बरीच वर्षं उत्तरेत गेली. श्रीनगरला लग्नाच्या जेवणात गुश्ताबा खाल्लाय, आणि तुमची पाकृ वाचताना तोच आठवला. वाझवानात, म्हणजे तिथल्या मेजवानीत, एकामागून एक पदार्थ येतात आणि शेवटाकडं गुश्ताबा येतो. मोठा गोळा, दह्याच्या पांढऱ्या रश्श्यात. तळत नाहीत. तिथले स्वयंपाकी ताजं मांस दगडावर ठेवून लाकडी मोगरीनं कुटतात, चरबी घालून कुटत राहतात आणि कुटताना एकेक शीर वेचून काढतात. मशीनचा खिमा ते वापरत नाहीत. गोळा स्पंजासारखा, दाताला कुठं अडकत नाही. सुरीनं चिरलेल्या मांसाला ते अंग येत नाही, कारण कुटल्यानं मांस आणि चरबी एकजीव होतात.

सांगायचं एवढंच की तळायचं नाही हे ताईंचं म्हणणं बरोबर आहे. आणि ज्यांच्या घरी पाटा-वरवंटा अजून आहे त्यांनी मांडीचं मांस मीठ लावून वरवंट्यानं कुटून बघावं. कष्ट आहेत, पण घरात दोन तरणी पोरं असली की होतं. मी आमच्या नातवाला कामाला लावतो.

शाळूभाकरी

काका, फार मोलाचं सांगितलंत. पाट्यावर कुटायचं मी करून बघणार. पाटा आधी उकळत्या पाण्यानं आणि नंतरही तसाच धुवायला हवा, कारण कच्च्या कोंबडीनंतर त्यावर चटणी वाटायची असते.

कसबाबावडेकर

लई भारी धागा! पंचगंगा इशारा पातळीकडं निघालीय, ३९ फुटांचा आकडा सगळे मोबाइलवर बघत बसल्यात, गल्लीत गुडघाभर चिखल. अशा दिवसात दुसरं काय पाहिजे. वाचूनच भूक लागली.

एक सांगतो. गावठी कोंबडी आता किलोला परवडत नाही, आणि मिळाली तरी ती खरंच गावठी आहे का कळत नाही. त्यापेक्षा लेअर बघा. अंडी देऊन झालेल्या कोंबड्या असतात त्या. मांस चिवट, कुणी फारसं घेत नाही म्हणून स्वस्त. पण अळणीला नंबर एक. वय झालेल्या कोंबडीचं हाड आणि शिरा भरपूर देतात. बॉयलर पाच-सहा आठवड्यांचं पिल्लू असतंय, त्याच्या हाडात काय असणार? आमची आई लेअरचीच अळणी करते. शिजायला वेळ लागतो, कुकरला सात-आठ शिट्ट्या धरा.

शाळूभाकरी

बावडेकर, शंभर टक्के. लेअरचं मांस शिजून मऊ झालं नाही तर सोडवून बारीक चिरून स्टूत घालावं, वाया जात नाही. आईंना नमस्कार सांगा.

राईनकाठ (जर्मनी)

मूळ गाव गडहिंग्लज, आता जर्मनीत. बावडेकरदादा, इथं सुपरमार्केटमध्ये लेअर कोंबडी ‘सूपची कोंबडी’ म्हणूनच विकतात, गोठवलेली, इतर चिकनपेक्षा स्वस्त. इथल्या आज्या तिचंच सूप करतात. म्हणजे तुमच्या आई आणि इथल्या आज्या एकाच शाळेतल्या.

आणि गोळ्यांबद्दल. इथं क्योनिग्सबेर्गर क्लोप्से नावाचा पदार्थ आहे. खिम्यात दुधा-पाण्यात भिजवलेला शिळा पाव, कांदा, अंडं घालून गोळे वळतात, आणि ते तळत नाहीत, मांसाच्या पाण्यात मंद शिजवतात. मग त्याच पाण्याचा पांढरा सॉस करतात, लोणी-मैदा-साय घालून, वर लिंबू आणि खारवलेल्या केपर्स (एका झुडपाच्या कळ्या). उकडलेल्या बटाट्यांबरोबर खातात. मी पहिल्यांदा खाल्ला तेव्हा पांढऱ्या रश्श्याची आठवण येऊन गळा दाटून आला होता. हा धागा वाचून आता ठरवलंय की केपर्सऐवजी घरून आणलेली कांदा-लसूण चटणी.

प्रश्न: नारळाचं दूध इथं डब्यातलं मिळतं. चालेल का? आणि खसखस इथं निळसर-काळी असते, तिनं रंग बिघडेल का?

शाळूभाकरी

राईनकाठ, किती छान माहिती. डब्यातलं चालेल, पण जास्त चरबीचं घ्या आणि डबा हलवून वापरा. काळ्या खसखशीनं रस्सा राखाडी दिसेल, चव बिघडणार नाही. त्यापेक्षा खसखस वगळून काजू वाढवा, किंवा सोललेले बदाम घाला. तीळ पांढरे मिळत असतील तर ते असू द्या.

कोचीकर_कोल्हापूरकर

नवऱ्याच्या नोकरीमुळं आम्ही कोचीत राहतो. इथला चिकन इष्टू तुमच्या पदार्थाचा सख्खा भाऊ आहे. खडा मसाला, आलं, हिरवी मिरची, कढीपत्ता, बटाटा, गाजर, आणि नारळाचं दूध दोन वेळा: आधी पातळ दुधात सगळं शिजवायचं, मग गॅस बारीक करून दाट दूध. वरून खोबरेल तेलात कांदा-कढीपत्त्याची फोडणी. लाल तिखट अजिबात नाही. तो अप्पमबरोबर खातात.

माझी सूचना ही की शाळूच्या भाकरीबरोबर आंबोळीही करून बघा. आंबोळीला जाळी असते, रस्सा धरून ठेवते, आणि ज्यांना भाकरी चावत नाही त्यांना आंबोळी मऊ लागते. सासूबाईंना नक्की आवडेल.

दाट दूध फाटतं तेव्हा बहुतेक वेळा आच मोठी असते किंवा दूध फ्रिजमधून थेट उकळत्या रश्श्यात पडलेलं असतं. आधी दोन पळ्या गरम रस्सा दुधात मिसळून घ्यावा, मग ते पातेल्यात ओतावं.

शाळूभाकरी

आंबोळी! हे मला सुचलं नव्हतं, भिजवायला आजच टाकते. आणि गरम रस्सा आधी दुधात मिसळायची रीत पाकृत धरून चाला सगळ्यांनी. काजू-खसखशीचं वाटण आधी पडलेलं असेल तर दूध सांभाळलं जातं, हे मात्र माझ्या अनुभवातलं आहे.

आजऱ्याची_लेक

गोळ्यांत ब्रेड घालायची गरज नाही असं माझं मत. आमच्यात भात घालतात. घनसाळ तांदळाचा मऊ भात, तीन-चार चमचे, हातानं कुस्करून. घनसाळ बारीक आणि वासाचा, २०१६ मध्ये त्याला भौगोलिक मानांकन मिळालं, पण आम्ही तो पिढ्यान्‌पिढ्या खातोय. गोळ्याला त्याचा मंद वास येतो आणि तो मऊसूत राहतो. मैदा नको असणाऱ्यांचीही सोय होते. मेक्सिकोत गोळ्यांच्या सूपमध्ये कच्चे तांदूळच खिम्यात मिसळतात आणि ते रश्श्यातच शिजतात, असं वाचलंय. मी कच्चा घालत नाही, कारण चिकनचा गोळा लवकर शिजतो आणि तांदूळ मागं राहतो.

मेघमल्हार

+१ भाताला. डाळ्याचं पीठ घालणारेही खूप आहेत. ते कसं वाटतं?

शाळूभाकरी

डाळ्याच्या पिठानं गोळा पक्का होतो, तळायच्या गोळ्याला ठीक. रश्श्यातल्या गोळ्याला ते कोरडं करतं, कारण पीठ खिम्यातलं पाणी पिऊन बसतं. भिजवलेला ब्रेड किंवा मऊ भात आधीच पाणी घेऊन आलेला असतो, तो ओलावा गोळ्यात राहतो. आजऱ्याच्या ताई, घनसाळ घरात आहे, पुढच्या वेळी भातच. तुमच्यात कांदा घालता का गोळ्यांत?

आजऱ्याची_लेक

नाही, फक्त लसणाची पात आणि मिरे. पावसाळ्यात पात मिळत नाही, मग लसूणच.

पन्हाळवारा

मी काल करून बघितला, ताईंच्या पद्धतीनं, न तळता. घरात सगळ्यांना आवडला, तिखट खाणाऱ्यांनाही. तर्री मात्र मी सगळ्यांसाठी पातेल्यातच ओतली, रंग फार सुंदर आला. माझं तांबड्याबद्दलचं मत कायम आहे, पण पांढऱ्यात गोळा उकडलेलाच हवा, हे पटलं.

एक तांत्रिक मुद्दा लिहून ठेवतो, कुणाला उपयोग होईल. चटणी पाण्यात टाकून उकळली तर रंग फिका येतो आणि तिखट मात्र घशाला झोंबतं. मिरचीचा रंग आणि तिखटपणा दोन्ही तेलात विरघळतात. म्हणून चटणी आधी तेलात फुलवायची आणि मगच पातळ करायची. ब्याडगी जास्त असलेली चटणी रंग देते, लवंगी किंवा संकेश्वरी जास्त असेल तर झणका. दुकानातून आणत असाल तर कशाची आहे ते विचारून घ्या.

शाळूभाकरी

पन्हाळवारा, करून बघून लिहिलंत, मनापासून आभार. तर्री पातेल्यात ओतायला माझी हरकत फक्त धाकट्यापुरती आहे. तेलात चटणी घालताना गॅस बंद हवा हे पुन्हा सांगते. चटणीत कोरडं खोबरं आणि लसूण असतो, क्षणात करपतं, आणि करपलेली चटणी पूर्ण पातेलं कडू करते.

लिंबलोण

माझे वडील ऑपरेशननंतर घरी आलेत. डॉक्टरांनी प्रथिनं वाढवा, तिखट-तेलकट नको असं सांगितलंय. हा स्टू त्यांना देता येईल का? आणि गोळा आतून शिजला हे नक्की कसं ओळखायचं? मला चिकन कच्चं राहण्याची फार भीती वाटते.

शाळूभाकरी

लिंबलोण, वडिलांना लवकर आराम पडो. मीठ किती चालतं आणि नारळ-काजू चालतात का, हे त्यांच्या डॉक्टरांना विचारूनच द्या. काजू-खसखस-नारळ सगळं वगळून नुसती अळणी, गोळे आणि बटाटा-गाजर, एवढाच पदार्थही छान लागतो. बटाटा थोडा कुस्करला की रस्सा आपोआप दाट होतो. अळणीवरची चरबी मात्र पूर्ण काढून टाका त्यांच्यासाठी.

शिजल्याची खूण: सगळ्यात मोठा गोळा काढून मधोमध कापा. आत कुठं गुलाबी, चिकट किंवा अर्धपारदर्शक भाग नको, निघणारा रस स्वच्छ हवा. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर गोळ्याच्या मध्यभागी ७४ अंश सेल्सियस दिसलं पाहिजे, कोंबडीच्या मांसासाठी तोच आकडा धरतात. आजारी माणसासाठी करताना गोळे लहान वळा, म्हणजे शंका राहत नाही. कच्चा खिमा आणल्या दिवशीच वापरा. ज्या सुरी-पाटीवर तो हाताळला त्यावर कोथिंबीर चिरू नका.

लिंबलोण

ताई, खूप खूप आभार. उद्या सकाळी कपिलतीर्थ मार्केटमधून भाजी आणते आणि करते.

निवृत्त_सुभेदार

लिंबलोण बेटा, माझ्या ऑपरेशनच्या वेळी आमच्या मंडळींनी महिनाभर अळणी पाजली होती. थोडी थोडी, दिवसातून तीनदा द्या. एकदम मोठी वाटी समोर ठेवली की आजारी माणसाची भूक मरते.

मेघमल्हार

उरलेल्याचं काय? आम्ही दोघंच आहोत, एवढं सगळं एका दिवसात संपणार नाही. आणि श्रावण लागायच्या आत फ्रीजर रिकामा करायचाय की भरायचाय, हाही प्रश्नच.

शाळूभाकरी

दोघांसाठी पाकृ निम्मी करू नका, अळणी थोडी करण्यात अर्थ नाही. अळणी आणि गोळे पूर्ण प्रमाणात करा, आणि वाटण घालायच्या आधी निम्मं बाजूला काढा. नारळाचं दूध आणि बटाटा घातलेला स्टू गोठवला तर दूध फुटतं आणि बटाटा रवाळ होतो. नुसते गोळे अळणीत बुडवून डब्यात गोठवले तर महिना-दोन महिने चांगले राहतात. खायच्या आदल्या रात्री डबा फ्रीजरमधून खाली फ्रिजमध्ये ठेवा, दुसऱ्या दिवशी खळखळून गरम करा, आच कमी करा आणि मग ताजं वाटण, दूध, भाज्या.

शिजलेला स्टू गॅसजवळ तासन्‌तास ठेवू नका, जेवण झालं की दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जाऊ दे. मोठं पातेलं तसंच आत ठेवलं तर मध्यभाग बराच वेळ कोमट राहतो, म्हणून उथळ डब्यांत वाटून ठेवा. फ्रिजमधला दोन दिवसांत संपवा.

कसबाबावडेकर

आई विचारतेय, श्रावणात सुरण आणि पनीरचे गोळे करून हाच रस्सा केला तर? अळणीच्या जागी काय?

शाळूभाकरी

भाज्यांचं पाणी: कांदा (चालत असेल तर), गाजर, कोथिंबिरीची देठं, खडा मसाला, आणि भिजवलेली हरभरा डाळ मूठभर, अर्धा तास उकळून गाळा. पनीरचे गोळे मात्र उकडू नका, ते सुटतात. ते तळूनच, आणि जेवायला बसताना घाला. त्यावर वेगळा धागा काढते, इथं कोंबडीच राहू दे.

राईनकाठ (जर्मनी)

केला! सूपची कोंबडी तीन तास शिजवली, घरभर आपल्याकडच्या रविवार दुपारचा वास. इथल्या शेजारच्या आजींना वाटी दिली, त्यांनी तर्रीशिवाय घेतली आणि परत मागितली. भाकरीचं पीठ संपलंय, बटाट्याबरोबर खाल्ला. गोळ्यात मी भात घातला होता, आजऱ्याच्या ताईंचं ऐकून. बासमतीचा. घनसाळ इथं कुठं मिळतो कुणाला माहीत असेल तर कृपया सांगा.